पदम प्याला नव्हता

सुकमाया तामाङ रागावली की तिचा आवाज चढत नाही, उतरतो. नेपाळातल्या लांगटांगच्या खोऱ्यात तिला ओळखणाऱ्या सगळ्यांना हे ठाऊक आहे. ती ओरडत असेल तर खुशाल समजावं की स्वारी मजेत आहे आणि खेचरवाल्याला नाहीतर नवऱ्याला चार शब्द ऐकवून जीव रमवते आहे. पण ती हळू बोलायला लागली की हातातला चहाचा पेला खाली ठेवावा आणि निमूट ऐकून घ्यावं.

चाळिशी ओलांडलेली, अंगाने ठेंगणी, पावलं मात्र लांब टाकणारी. पोरवयात तिने डोंगर चढायला येणाऱ्या परदेशी पाहुण्यांच्या पिशव्या वाहिल्या. ओझ्याचा पट्टा कपाळावर घेऊन चढायचं, त्याला इकडे नाम्लो म्हणतात. त्या पट्ट्याने तिच्या भांगापुढचे केस गेले ते पुन्हा आलेच नाहीत. मग काही वर्षं लॉजच्या चुलीपुढे काढली. इंग्रजी तिथेच शिकली, भांडी विसळता विसळता, त्यामुळे तिच्या इंग्रजीत खाण्यापिण्याचे शब्द भरपूर आणि बाकीचे थोडे. पुढे काठमांडूला जाऊन गाईडची परीक्षा दिली. नवरा म्हणाला होता, बटाटे कोण काढणार? ती म्हणाली, ज्याला खायचे असतील तो.

आता ती सहायक गाईड आहे. तुकडीचा प्रमुख तो सरदार. तो पुढे चालतो, पाहुण्यांना शिखरांची नावं सांगतो, फोटो काढतो. सुकमाया सगळ्यांत मागे, जो पाहुणा थकलेला असेल त्याच्या पावलाला पाऊल लावून. चालताना तिचे ओठ हलत असतात. कोणी विचारलं तर म्हणते, मणीचा मंत्र म्हणतेय, वाट कमी होते. वाट कमी होत नाही हे तिलाही कळतं, पण नाव घेतल्याशिवाय तिने या डोंगरात कधी पाऊल टाकलेलं नाही.

त्या वर्षी शरदातल्या एका तुकडीचा सरदार सोमबीर घले होता. सुकमायाच्या माहेरच्या गावचा, वयाने पुष्कळ लहान. तो रांगत होता तेव्हा तिने त्याला पाठीवर बांधून हिंडवलं होतं. आता त्याच्या खिशात दोन फोन, डोळ्यांवर काळा चष्मा आणि पाहुणे आणणाऱ्या कंपनीत त्याचा शब्द. माणूस वाईट नव्हता. पाहुण्यांचं काही बिघडलं तर त्याचा जीव वरखाली व्हायचा. रोज संध्याकाळी भोजनघरात तो प्रत्येक पाहुण्याच्या बोटाला तो छोटा चिमटा लावायचा, ज्यात श्वास पुरतो की नाही ते आकड्यात दिसतं. डोकं दुखतं का, झोप लागली का, सूप घेतलं का, एकेकाला विचारायचा. तो चिमटा स्वयंपाकघराच्या दाराच्या आत कधीच यायचा नाही. आत भारी बसलेले असायचे, ओझी वाहणारे. त्यांना कोणी विचारायचं नाही, आणि आपल्याला विचारावं असं त्यांनाही वाटायचं नाही. नेपाळच्या माणसाला नेपाळचा डोंगर बाधतो, असं कोणी म्हटलं तर भारीच आधी हसले असते.

भारी तिघे होते. आइते आणि बुधे हे दोघे याच खोऱ्यातले तामाङ, जन्मापासून या हवेतले. आइते म्हणजे बोलण्यात कोणाला हार न जाणारा. तिसरा पदम खत्री. तो खालच्या, गरम अंगाच्या डोंगरातला. त्याच्या घरी केळी होतात, आंबे होतात. एवढ्या उंचावर तो पहिल्यांदाच आला होता. वसंतात त्याची आई गेली आणि त्याचं बरखीचं वर्ष चालू होतं. आईमागे वर्षभर मुलाने पांढरं नेसायचं, दुधाला शिवायचं नाही, दारू, मांस, चामडं वर्ज्य. पोटासाठी ओझं उचलायला निघालेल्या माणसाला शास्त्रातलं सगळं कुठून पाळता येणार? पण जेवढं हातात होतं तेवढं पदमने घट्ट धरून ठेवलं होतं. डोक्याला पांढरी टोपी, अंगात पांढरा सदरा, वर कोणीतरी दिलेलं मळकट पांढरं स्वेटर, पायात कापडी बूट. चामड्याचे बूट आइते द्यायला तयार होता, ते त्याने हात जोडून नाकारले. सगळे दुधाचा चहा घ्यायचे, तो कोरा घ्यायचा. सुकमायाला त्याचं कौतुक वाटायचं. तिचा धर्म वेगळा, पण आईसाठी काहीतरी सोडणं कुठल्याही धर्मात कळतं.

चौथ्या दिवशी दुपारी सगळे क्यांजिनला पोचले. खोऱ्यातली शेवटची वस्ती ही. याच्यापुढे बर्फ आणि देव. लॉजच्या मालकिणीच्या नातवाचा त्या दिवशी छेवर होता. मामाने भाच्याचे पहिले केस कापले, सगळ्यांनी नवे कपडे घातले, दारात धूप घातला, आणि मग छ्याङची, म्हणजे घरच्या दारूची, भांडी बाहेर आली. पाहुण्यांनीही एकेक पेला घेतला. आइते नाचला. बुधे नाचता नाचता सरपणाच्या ढिगावर बसला आणि तिथेच झोपला.

दुसऱ्या दिवशी सकाळी पदम नळाकडे गेला तो भिंतीला हात लावत. बादली भरली, उचलली, आणि दोन पावलं तिरकी टाकून बादलीसकट आडवा झाला. उठायला गेला, पुन्हा बसला. मग तिथेच ओकला. अंगणात सगळेच होते. आइते म्हणाला, मामाने पोराचे केस कापले आणि छ्याङने पदमदाइची चाल. बुधे पोट धरून हसला. हसत हसत त्याने फोन काढला आणि सासरी लावला. बुधेची सासुरवाडी पदमच्या गावाला लागून. आमच्या संन्याशाची उतरलेली नाही अजून, असं काहीतरी तो सासूला सांगत होता. खरं सांगायचं तर सुकमायाही हसली. बिछाने गुंडाळत होती, मान वळवून पाहिलं, हसली आणि पुन्हा कामाला लागली.

सोमबीर मात्र चिडला. पाहुणे खिडकीतून बघत होते. चारही पाहुणे पोलंडचे. त्यांतल्या हेलेनाबाई सगळ्यांत वयस्क, शाळेत आयुष्य काढलेल्या. त्यांनी काचेवर बोटाने टकटक करून हाताने विचारलं, काय झालं? सोमबीरने हसून हात हलवला, काही नाही, काही नाही. मग दात आवळून आइतेला म्हणाला, याला मागच्या गवताच्या खोपटात नेऊन टाक, पाहुण्यांच्या नजरेला पडता कामा नये. उतरली की येईल. आणि बुधेचा फोन चालूच असताना पदमला म्हणाला, "आईच्या नावाने पांढरं घालतोस आणि रात्री मडक्यात तोंड घालतोस. लाज वाटत नाही?"

पदम काहीतरी बोलला. पण त्याची जीभ जड झाली होती, शब्द एकमेकांत अडकत होते. ते ऐकून पुन्हा हशा झाला.

त्या दिवशी भाऱ्यांना विसावा आणि पाहुण्यांना वरचा कडा, असा बेत होता. सोमबीर पुढे आणि सुकमाया मागे, अशी तुकडी निघाली. निम्म्या चढावर हेलेनाबाई थांबल्या. डोकं दुखतंय म्हणाल्या, पाय ठरत नाहीत म्हणाल्या. सोमबीर धावत खाली आला. चिमटा लावला, आकडा बरा होता, तरी त्याने त्यांना दगडावर बसवलं, थर्मासमधलं गरम पाणी पाजलं, स्वतःचं जॅकेट पाठीवर घातलं. मग चिमटा सुकमायाच्या हातात देऊन म्हणाला, दिदी, यांना हळूहळू खाली न्या, लसणाचं सूप द्या, तासातासाने आकडा बघा. उद्या उतरायला यांच्यासाठी घोडा सांगून ठेवलाच आहे.

सुकमाया हेलेनाबाईंचा हात धरून उतरू लागली. बाई चांगल्या होत्या, दर वळणावर सॉरी म्हणत होत्या. एका उतारावर त्यांचं पाऊल तिरकं पडलं. त्या भेलकांडल्या, सुकमायाने सावरलं, आणि त्याच क्षणी तिच्या डोळ्यांपुढे नळाजवळचा पदम आला. तेच तिरकं पाऊल, तोच भिंत शोधणारा हात. बाईंनी रात्री पेल्यातली जेमतेम घोटभर छ्याङ घेतली होती. त्या लडखडल्या तर कोणी त्यांना प्यालेली म्हटलं नाही. आणि पदमने तर घोटभरही घेतली नसणार. कशी घेईल?

तिथपासून तिने मणी म्हणायचं सोडलं.

लॉजवर येऊन तिने बाईंना शेगडीजवळ बसवलं आणि आधी मालकिणीला गाठलं. रात्री पदम कुठे होता? मालकीण म्हणाली, तो पांढऱ्या टोपीवाला? चुलीच्या कोपऱ्यात बसला होता, कोरा चहा घेऊन. मी छ्याङ पुढे केली तर आईचं वर्ष आहे म्हणाला. भातही टाकला त्याने, भूक नाही म्हणाला. सुकमायाने विचारलं, मग सकाळी तो पडला तेव्हा तू बोलली का नाहीस? मालकीण म्हणाली, सरदार म्हणाला प्यालाय, मला वाटलं मागाहून घेतली असेल. असं सगळ्यांनाच वाटलं होतं. एकालाही त्याला विचारावंसं वाटलं नव्हतं.

खोपटात पदम गवतावर कुशीवर पडला होता. कोणीतरी अंगावर पोतं टाकलं होतं. ओठ जांभळाच्या रंगाचे. श्वास घेताना छातीत पाण्यातून बुडबुडे यावेत तसा आवाज. सुकमायाने हाक मारली तेव्हा त्याने डोळे उघडले आणि तिला आमा म्हणून हाक मारली. आई समजून तिचा हात धरला आणि म्हणाला, मी नाही घेतली ग.

सुकमाया उठली आणि बाहेर आली. घोडेवाला मालकिणीचाच दीर. अंगणात खोगीर दुरुस्त करत होता. ती म्हणाली, घोडा काढ, माणूस खाली न्यायचा आहे. वर चढून लेक लागलेल्या, म्हणजे उंचीची हवा बाधलेल्या, माणसाला खाली नेणं हेच औषध, दुसरं नाही, हे त्यालाही माहीत. पण तो म्हणाला, घोडा कंपनीने सांगितलाय, पाहुणीसाठी. सरदाराचा शब्द आण. वस्तीत दुसरा घोडा नव्हता, बाकीचे खाली माल आणायला गेले होते.

कड्यावर फोन लागतो. तिने सोमबीरला लावला. तो आधी हसला, मग त्याचा सूर बदलला. हेलिकॉप्टरचं ती बोलली तर म्हणाला, खाली ढग बघा किती भरलेत, आणि ऑफिसला काय सांगू, भारी पिऊन पडलाय, हेलिकॉप्टर पाठवा? ती म्हणाली, तो प्याला नव्हता. तो म्हणाला, असेल, पण घोडा पाहुणीचा. तिचं डोकं दुखतंय. संध्याकाळी तिचं वाढलं आणि घोडा नसला तर कंपनी मला उभा चिरेल. मी चार वाजेपर्यंत येतो, मग बघू. तोवर लसूण द्या त्याला. आणि शेवटी खालच्या आवाजात म्हणाला, "दिदी, पाहुण्यांसमोर हे काढू नका. आपल्या घरातली गोष्ट आहे."

आपल्या घरातली गोष्ट! सुकमायाने फोन बंद केला. तिला आता नीट दिसत होतं की सोमबीरचं भय खोटं नव्हतं. पाहुणीला काही झालं असतं तर खरंच त्याची गच्छंती होती. आणि पदमला काही झालं असतं तर? तर काहीच नव्हतं. पिऊन मेला म्हणाले असते, आणि गावाकडे त्याच्या भावांनी मान खाली घालून तेवढंच ऐकून घेतलं असतं. एवढा सरळ हिशोब होता, आणि इतकी वर्षं त्याच हिशोबात तीही चालत आली होती.

तिने आइतेला हाक मारली. दोघांनी पदमला उचललं. आइतेला वाटलं स्वयंपाकघरात न्यायचंय. सुकमाया म्हणाली, भोजनघरात. आइते म्हणाला, दिदी, तिथे पाहुणी आहे. ती म्हणाली, "म्हणूनच."

ओझी वाहणारा माणूस भोजनघरात फक्त ओझं ठेवायला येतो. त्या दिवशी पदमला त्यांनी शेगडीसमोरच्या गादीवर, हेलेनाबाईंच्या शेजारी बसवलं. बाई दचकून सरकल्या. सुकमायाने चिमटा काढला आणि पदमच्या बोटाला लावला. आकडा आला तो पाहून बाईंना वाटलं यंत्र बिघडलं. त्यांनी काढून स्वतःच्या बोटाला लावलं, ते नीट चाललं. पुन्हा पदमच्या बोटाला लावलं. मग त्यांनी यंत्राकडे पाहायचं सोडलं आणि पदमच्या तोंडाकडे पाहिलं.

कोण हा, असं त्यांनी विचारलं. सुकमाया तिच्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत म्हणाली, हा पदम. तुमची पिशवी आणणारा. बाईंचा चेहरा पडला. त्या म्हणाल्या, पांढरे कपडे बघून मला वाटलं कोणी पुजारी आपल्याबरोबर चाललाय. चार दिवस त्यांची पिशवी त्याच्या कपाळावर होती आणि बाई रोज त्याला वाटेत नमस्ते म्हणत होत्या, पण पिशवी लॉजवर त्यांच्याआधी पोचलेली असायची, त्यामुळे ती कोणाच्या पाठीवरून येते हे त्यांनी कधी पाहिलंच नव्हतं, आणि कोणी दाखवलंही नव्हतं.

सुकमायाने घोड्याचं सांगितलं. दोन वाक्यांत. तुमच्यासाठी घोडा आहे. याला हवा आहे. हे सांगायला आम्हाला मनाई आहे, म्हणून सांगतेय.

बाई उभ्या राहिल्या. आपलं डोकं दुखतंय हे त्या विसरल्या असाव्यात. घोडेवाल्यासमोर जाऊन त्यांनी घोड्याकडे आणि पदमकडे बोट दाखवून असं काही बजावलं की त्याला भाषा कळली नाही तरी तो खोगीर घालू लागला. त्यांना कोणी आधी विचारलं असतं तर त्यांनी सकाळीच दिला असता तो घोडा. सुकमायाला सगळ्यांत जास्त चीड याचीच आली. बाई देतील की नाही हे सोमबीरने, घोडेवाल्याने, सगळ्यांनी परस्पर ठरवून टाकलं होतं.

डोकं दुखणाऱ्या पाहुणीला एकटी सोडून निघणं म्हणजे सहायक गाईडने स्वतःच्या हाताने काम सोडणं. सुकमायाने बाईंना मालकिणीच्या स्वाधीन केलं, सूप पाजायला सांगितलं, चिमटा त्यांच्या हातात ठेवला आणि निघाली. आइतेने लगाम धरला, तिने पदमची कंबर. पदम घोड्याच्या मानेवर कलंडलेला.

वस्तीखाली मणीची लांबच लांब भिंत आहे. दगडादगडावर मंत्र कोरलेला. तिला उजव्या हाताला ठेवून जायचं असतं. पण उजवी धरून जाणारी वाट वळसा घेते आणि दुसरी सरळ उतरते. आइते घाईत सरळ वाटेला लागला. सुकमायाने लगाम ओढून घोडा वळवला. आइते म्हणाला, दिदी, आज तरी. ती म्हणाली, "आजच तर देवाकडे मागायचंय. आज त्याला डावलून कसं चालेल?" आणि भिंतीच्या कडेने जाताना तिचे ओठ पुन्हा हलू लागले. आइतेला पुढे लाज वाटली असावी. तो मध्येच म्हणाला, मी सकाळी थट्टा केली ती वाईट झाली. सुकमाया म्हणाली, मीही हसले.

उंची सुटत गेली तसा पदमचा श्वास मोकळा होत गेला. जुन्या लांगटांग गावावर भूकंपात डोंगर कोसळला होता. त्या दगडांच्या पसाऱ्यावरून जाताना इकडे कोणी बोलत नाही. तिथे त्याने मान उचलली. झाडं लागली तेव्हा त्याने पाणी मागितलं. घोडातबेला या खालच्या वस्तीला पोचेपर्यंत ऊन पिवळं झालं होतं आणि तो आपल्या बळावर खोगीर धरून बसला होता. त्याने पहिली चौकशी केली ती ओझ्याची. पिशवी कोण आणणार? आइते म्हणाला, मी आणीन, तू जगण्याचं बघ.

उतरवून घेताना पदम सुकमायाला म्हणाला, "दिदी, तुम्हालाही वाटलं मी प्यालोय?"

तिने खोटं सांगितलं नाही. म्हणाली, सकाळी वाटलं, दुपारी नाही. त्याने मान हलवली.

दुसऱ्या दिवशी त्याला खाली स्याफ्रुबेसीला, मोटाररस्त्यावर आणलं. सुकमायाच्या चुलत बहिणीचं घर तिथे आहे. दवाखान्यातल्या माणसाने छाती तपासली, औषध दिलं, पुन्हा वर जायचं नाही म्हणून बजावलं. पदम भात खाऊ लागला. सगळं ठीक झालं असं वाटत असतानाच गावाहून थोरल्या भावाचा फोन आला.

बुधेच्या सासूने पाणवठ्यावर सांगितलं होतं, पाणवठ्यावरून ते गावभर झालं होतं. आईच्या वर्षात पिऊन लोळला, परक्या लोकांच्या अंगणात ओकला. भाऊ म्हणाला, वर्षश्राद्धाला येऊ नकोस, पिंडाला तुझा हात लागायला नको. पदमने बरंच समजावलं. लेक लागली होती म्हणाला. भाऊ म्हणाला, तुझा सरदारच म्हणत होता ना?

पदमने फोन ठेवला आणि ओसरीवर बसून राहिला. रडला नाही. सुकमायाला वाटलं, रडला असता तर बरं झालं असतं. वर खोपटात जीव जाता जाता वाचला तेव्हाही त्याचं तोंड असं झालं नव्हतं. आता आईला पाणी द्यायचा त्याचा हक्कच एका शब्दाने गेला होता, आणि तो शब्द बोलणारा अजून वरच्या खोऱ्यात पाहुण्यांचे फोटो काढत होता.

पुढे दोन दिवसांनी तुकडी खाली आली. हेलेनाबाई चालतच उतरल्या होत्या, नाकावर ऊन लागलेलं, खुशीत. आल्या आल्या पदमचे दोन्ही हात धरले. निरोपाचं जेवण ठरलेलं असतं. तिथल्या लॉजच्या भोजनघरात सोमबीरने उभं राहून भाषण केलं. आमची तुकडी म्हणजे एक कुटुंब, आमचा एक भाऊ आजारी पडला तर आम्ही सगळ्यांनी मिळून त्याला सुखरूप खाली आणलं. पाहुण्यांनी टाळ्या वाजवल्या. सुकमाया दाराशी उभी होती. तिच्या अंगाचा तिळपापड झाला.

पाहुणे झोपायला गेल्यावर आतली माणसं स्वयंपाकघरात जेवायला बसली. सोमबीरने पदमच्या पाठीवर थाप मारली. झालं गेलं, म्हणाला. मजुरी कापणार नाही तुझी. ऑफिसला मी तुझं काही कळवलेलं नाही.

सुकमाया वाढत होती. तिने डाळीचं भांडं खाली ठेवलं आणि हळू आवाजात म्हणाली, "काय कळवलं नाहीस, भाइ?"

चुलीपुढचे सगळे थांबले. तो आवाज त्यांच्या ओळखीचा होता.

"जाऊ दे ना दिदी. तुम्ही पाहुणीला सोडून गेलात, तेही मी कळवलं नाही."

"ते कळव. मी सोडून गेले, खरं आहे. पण हा प्याला म्हणून तू बोललास, ते खोटं आहे. तेवढं मागे घे."

सोमबीर म्हणाला, गैरसमज झाला होता. असं दिसत होतं त्याला मी काय करू? सगळ्यांनाच तसं दिसलं. ती म्हणाली, हो, मलाही दिसलं. ते मी त्याच्यापाशी कबूल केलं. तू सरदार आहेस. तुझ्या तोंडून निघालं ते याच्या भावापर्यंत पोचलंय. मजुरी कापणार नाहीस म्हणतोस. याची आई कापलीयस, ती दे.

सोमबीरचे कान लाल झाले. उद्या पाहुण्यांसमोर बोलू का, असं काहीतरी तो पुटपुटला. ती म्हणाली, "पाहुण्यांपुढे नको. तिथे तू छान बोलतोस. इथे बोल, ज्यांच्यासमोर बोलला होतास त्यांच्यासमोर."

मग सोमबीरने ताटातल्या भाताकडे बघत म्हटलं, "पदम प्याला नव्हता. मी न विचारता बोललो."

"वर बघून."

त्याने मान वर केली आणि पदमकडे बघून पुन्हा तेच म्हटलं. पदमने हात जोडले. का जोडले कोणास ठाऊक. सुकमायाला ते आवडलं नाही. पण तो त्याचा स्वभाव.

मग ती बुधेकडे वळली. फोन काढ म्हणाली. बुधे म्हणाला, दिदी, सकाळी लावतो, आता सासू झोपली असेल. ती म्हणाली, त्या सकाळी हसायला उठवलीस तशी आता उठव.

बुधेने फोन लावला. सुकमायाने तो सगळ्यांना ऐकू येईल असा करायला लावला. पलीकडे म्हातारी बऱ्याच वेळाने बोलली. बुधेने अडखळत सांगितलं की खत्रींचा पदम प्यालेला नव्हता, उंचीची लेक लागली होती, मरता मरता वाचला. म्हातारी म्हणाली, मग त्या दिवशी प्यालाय म्हणून कशाला सांगितलंस? म्हातारीच पुढे म्हणाली, मी तर सगळ्यांना सांगून बसले, आता कोणत्या तोंडाने जाऊ त्यांच्या दारात?

सोमबीरने हात पुढे केला आणि बुधेच्या हातून फोन घेतला. म्हणाला, "आमा, मी सरदार बोलतोय. माझ्या तोंडाने जा. त्यांच्या थोरल्या मुलाला फोनवर बोलवा, मी सांगतो."

म्हातारीने उजेड लावायला घरात कोणाला तरी हाक मारली, आणि चपलांचा आवाज दूर गेला. सुकमायाने पुन्हा डाळीचं भांडं उचललं आणि आधी पदमच्या ताटात वाढलं. सगळे जण फोनकडे बघत, पदमचा थोरला भाऊ उठून येईपर्यंत, वाट पाहत बसले.